एकवीस दिवस वेगळे

जपानातल्या ओजियाच्या आमच्या गरम झऱ्याच्या सराईत मी बारा वर्षं पाहुण्यांपुढे नाटकं केली. संवाद विसरलो की खिडकीतून दिसणाऱ्या किनुएमावशीकडे बघायचो. बाहेरच्या तळ्यातले सत्तावीस रंगीत कोई मासे एकोणतीस वर्षं तीच सांभाळत होती. माणसांशी बोलताना अडखळायची; माशांना मात्र नाव घेऊन दटावायची.

गेल्या उन्हाळ्यात पाहुणे रोडावले. तरुण मालक केन्साकु तळ्यावर आला.

"मावशी, लोकांना माशांबरोबर पोहू द्यायचं म्हणतोय. पाणी माणसाला चालेल, एवढं लिहून द्या."

"आणि चालत नाही म्हटलं तर?"

"मग घाण पाणी दारात कशाला? तळं बुजवू. पाहुण्यांच्या गाड्या लावायला जागा होईल."

मावशी त्या दिवशी जेवली नाही. पाणी वाईट म्हणावं तर तळं जातं. चांगलं म्हणावं तर साबण, अत्तर आणि उन्हाचं मलम फासलेली माणसं माशांत उतरतात. खोटं तिला येत नव्हतं. मी एका दुपारी शिकवलं असतं, पण तिनं विचारलं नाही.

तिनं लिहून दिलं : 'पाणी उत्तम. अंगावर जखम नसेल तर माणसाला भीती नाही. नवा जीव मात्र नेहमीप्रमाणे एकवीस दिवस वेगळा ठेवावा. रोज मिठाच्या पाण्यात बसवावा. साबण नाही.'

"अहो, हा नियम माशांचा!"

"तळंही माशांचंच."

"पाहुणे दोन दिवस राहतात, मावशी!"

"मग धडधाकट घरी जातील."

केन्साकुनं वैतागून तो कागद दारावर चिकटवला. आकिताहून मुक्कामाला आलेले निवृत्त पोस्टमास्तर इशिगुरो यांनी तो चष्मा लावून दोनदा वाचला.

"बरोबर आहे. माझे आजोबाही गरम झऱ्यावर गेले की तीन आठवड्यांच्या आत कधी परतले नाहीत," म्हणाले, आणि राहिले. रोज मिठाच्या टबात बसायचे. मावशी त्यांची नखं, पाठ, कानांमागची जागा तपासायची आणि वहीत 'ठीक' लिहायची.

बाविसाव्या दिवशी ते तळ्यात उतरले. मासे लांबच्या कोपऱ्यात दाटले. मावशी पोस्टमास्तरांकडे बघतही नव्हती.

"बुडतील हो ते!" केन्साकु म्हणाला.

"छातीएवढं पाणी आहे. गप्प बस."

तिनं दाणे टाकले. बराच वेळ काहीच हललं नाही. मग एक म्हातारी मादी पोस्टमास्तरांना वळसा घालून आली आणि खाऊ लागली. मागोमाग बाकीचे.

मावशी काठावर बसली. "खातायत," एवढंच म्हणाली.

"कसं वाटलं?" केन्साकुनं वाकून विचारलं.

"गार," पोस्टमास्तर म्हणाले. "पुढच्या वर्षी बायकोला आणतो."

"तीन आठवडे?"

"नियम आहे ना?"

केन्साकु त्याच दुपारी तळं सोडून स्वयंपाकघरामागच्या मोकळ्या जागेत गेला आणि गाड्यांसाठी जागा पावलांनी मोजू लागला.