कचऱ्यावर गुलाबाचं अत्तर

"वास येतोय का, वहिनी? नाही ना? मग गॅसही नाही. मिटला विषय."

"भाऊजी, मिथेनला वास नसतोच. तुम्ही सडक्या भाजीवर गुलाबाचं अत्तर मारलंय."

कचरा डेपोच्या पत्र्याच्या ऑफिसात दीर-भावजय हमरीतुमरीवर आले होते. तो तिथला मुकादम, ती ज्योतवाली, म्हणजे कचऱ्यातला गॅस जाळणारी ज्योत सांभाळणारी. आधी ती कारखान्याच्या कँटीनमध्ये स्वयंपाक करायची. डेपोत गॅस जाळायची चिमणी उभी राहिली तेव्हा यानेच तिला आणलं. "शेगडी सांभाळता ना? ही जरा मोठी, एवढंच."

ती आली आणि रमली. कचऱ्याच्या डोंगरात पुरलेल्या पाइपांत साचलेलं काळं पाणी काढायचं, झडपा फिरवायच्या, ज्योत विझू द्यायची नाही. खाली हवा पोचत नाही, तिथे गावभरचं खरकटं कुजून मिथेन होतो. तसाच सुटला, तर कार्बन डायऑक्साइडच्या कितीतरी पट उष्णता धरून ठेवतो. जाळला, तर नुकसान पुष्कळ कमी. इंजिनिअरने हे दोघांनाही समजावलं होतं. मुकादम तेव्हा जांभया देत होता.

मग समोरच्या इमारतीतल्यांनी तक्रार केली: घाण वास येतो, बाल्कनीतून जाळ दिसतो, पोरं घाबरतात. मुकादमाने एका फटक्यात दोन्ही निस्तरलं. ज्योत बंद, अत्तराचे फवारे चालू. लोक खूश. गॅस बिनबोभाट आभाळात, आणि तिच्या डब्यातल्या घासालाही गुलाब.

"इमारतीतले सगळे बाहेर बसलेत, ज्योत कायमची बंद ना, हे विचारायला," मुकादम आवाज खाली आणून म्हणाला. "फक्त सांगा, गॅस संपला. तुमच्यावर विश्वास आहे त्यांचा."

"म्हणजे खोटं तुमचं आणि तोंड माझं."

"घरचंच माणूस ना तुम्ही?"

"म्हणून तर जास्त शिसारी येते. गेल्या उन्हाळ्यात आई उन्हाने भोवळ येऊन पडल्या, तेव्हा रडत होतात. असे उन्हाळे वाढवायला आपणच हातभार लावतोय."

"एका डोंगराने काय होतंय?"

"प्रत्येक डेपोत एकेक भाऊजी बसलेत हेच म्हणत."

तिने दार उघडलं. व्हरांड्यातले लोक हसून सरकले, कुणीतरी खुर्ची पुढे केली.

"वहिनी, सांगताय ना त्यांना?" मुकादमाने मागून विचारलं.

खुर्चीला वळसा घालून ती चिमणीकडे चालू लागली, मुख्य झडप उघडून ज्योत पुन्हा पेटवायला.