कोळ्यांचं आयुष्य आणि माझं लग्न

अप्पा गेल्याचा फोन आमच्या घराजवळच्या एसटीडी बूथवर आला. तंजावूरहून अम्मा बोलत होती. रडता रडताच म्हणाली, "काल डॉक्टरलासुद्धा सांगत होते गं, कोळी किती वर्षं जगतो ते..." आणि ऐन त्या क्षणी मला हसू फुटलं. बूथवाला बघतच राहिला.

अप्पा, म्हणजे माझे वडील, कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवत. घरात कोळ्याचं जाळं मोडायला बंदी. पाहुणा कशाला आलाय याच्याशी त्यांना काही देणंघेणं नसे, भिंतीवर कोळी दिसला की तास सुरू. त्यामुळे मला स्थळं येऊ लागली तेव्हा अम्माला वेगळीच काळजी लागली. मी सव्विशी ओलांडलेली, गावात आपली मराठी घरं मोजकी, आणि त्यांतलंही एकेक स्थळ अप्पा घालवणार!

घालवलीच की! पहिला मुलगा कॉम्प्युटरवाला, अमेरिकेला निघालेला. रिवाजाप्रमाणे सोज्जी-बज्जीच्या, म्हणजे शिरा-भज्यांच्या, बशा घेऊन मी बाहेर आले, तर त्याची आई म्हणत होती, "सोन्याचं मागाहून बघू, मोटार मात्र..." तेवढ्यात तिची नजर भिंतीवर गेली. "अय्यो, पूच्ची!" अप्पा खुलले. "किडा नव्हे हो मामी, किड्याला पाय सहा. हा लांब पायांचा, घरातला, वर्ष-दोन वर्षं जगतो. उड्या मारणारा चिमुकला असतो ना, तो जेमतेम वर्षभर. पण जमिनीत बीळ करून राहते ती केसाळ मादी... तिची गोष्टच वेगळी! वीस-वीस वर्षं जगते. नराचं मात्र अवघड आहे. एकदा लग्न झालं की लवकरच आटोपतो. कधी कधी बायकोच खाऊन टाकते." मुलाची बज्जी हातातच राहिली. दुसऱ्या स्थळाचंही तेच झालं. तो तर माझी पोस्टातली नोकरी सोडवायला निघाला होता. अम्मानं कपाळावर हात मारला, "जगू देत तुमचे कोळी वीस वर्षं! तोवर माझी मुलगी म्हातारी होईल."

तिसरा ओरत्तनाडूच्या शाळेत गणित शिकवणारा. बसच्या गर्दीत शर्टाची इस्त्री पार मोडलेली. बशीतल्या सगळ्या बज्ज्या संपवल्या आणि आणखी आहेत का, म्हणून थेट मलाच विचारलं. मला फार आवडला, त्यात लाजायचं काय? तेवढ्यात छतावरून एक कोळी धाग्यानं उतरत अगदी त्याच्या खांद्याशी आला. अप्पा तोंड उघडणार, तर हाच बाबा विचारतो, "सर, हे किती जगतात हो? नर-मादी दोघंही?"

अम्मानं डोळे मिटले. अप्पांनी माझ्याकडे पाहिलं... चांगलं निरखून पाहिलं. मग अर्ध्या मार्कासाठी पोरांना रडवणारा तो माणूस शांतपणे म्हणाला, "दोघंही पुष्कळ जगतात. जोडीनं."

अजूनही मी झाडू उचलला की नवरा अडवतो. "राहू दे गं, जोडी असेल. तुझे अप्पा सांगायचे ना?" मी झाडू ठेवते आणि स्वयंपाकघरात जाऊन रडून घेते. अप्पा जन्मात एकदाच खोटं बोलले, ते माझ्यासाठी. नवऱ्याला मराठी नुसती बोलता येते, वाचता येत नाही. म्हणून तर हे इथं लिहितेय.