शजऱ्यातली गाळलेली ओळ

अकोल्यात आमच्या घराला लागून एका म्हाताऱ्या मोगलाचं घर होतं. सगळी गल्ली त्यांना चाचा म्हणायची, मीही म्हणायचो. अमेरिकेत लढाई जुंपली आणि वऱ्हाडच्या कापसाला सोन्याचं मोल आलं, ते दिवस. जो तो बैलजोडी घ्यायला निघालेला, आणि निघाला की चाचांना सोबत नेणारच. जन्मभर घोडे पारखलेला माणूस आता बैलांचे दात बघत हिंडायचा. "काय चाचा, घोडे सुटले वाटतं?" असं कुणी छेडलं की म्हणायचे, "घोडे नाई बे, अक्कल सुटली तुमची. कापसापायी गाढवालेही जुंपसान तुमी!"

चाचा बरलास होते. मंगोलांच्या टोळ्यांतली ही एक टोळी, आणि तिचा इतिहास त्यांच्याच तोंडून ऐकावा. "गवताच्या मुलखातून घोड्यावर निंघालो. तुर्कांत राह्यलो, तुर्की बोललो. काबूलले आलो, फारसी बोललो. दख्खनले उतरलो, दखनी शिकलो. आन आता पाय, तुह्यासंगं वऱ्हाडी बोलून राह्यलो. बोली टिकली नाई, बापू. फकस्त शजरा टिकला." शजरा म्हणजे वंशावळ.

तोही टिकला नाही. चाचांची एकच नात, आईबापाविना वाढलेली. तिचं बऱ्हाणपूरच्या बरलास घराण्यात जमत आलं होतं. त्यांची रीत अशी, की मुलीकडचा शजरा मुलाच्या वडीलधाऱ्यांसमोर वाचायचा आणि मगच शब्द द्यायचा. चाचांनी पेटी उघडली, तर वाळवीनं कागदाचा पार भुगा केलेला. म्हातारा माझ्या ओसरीवर येऊन मटकन बसला. "मी उद्या डोये मिटले तं या पोरीचं कोन हाय?"

माझे वडील जुन्या अमदानीत फारसी लेखनिक होते, त्यांनी मला ती भाषा मारून मुटकून शिकवली होती. चाचांना वाचता येत नव्हतं, पण शजरा तोंडपाठ होता. घोड्याच्या शेपटीच्या केसांची एक दोरी होती त्यांच्याकडे, पिढीगणिक तिला एक गाठ. गाठ चिमटीत धरायची, नाव सांगायचं, पुढं सरकायचं. मी लिहीत गेलो.

एका गाठीला लाल दोरा होता. तिथं चाचा म्हणाले, "लिव. याची बायको पातूरकडची कुणबीण. हा जखमी शिपाई, फौजेनं वाटेवर टाकून देल्ला, तिनं उचलून घरात आनला, जगवला, मंग निका केला. तिच्यापायी आमी हाओत."

मी कलम थांबवली. "चाचा, शजऱ्यात बायका कोण लिहितं? बऱ्हाणपूरवाले मोठ्या कुळाचे. लग्न मोडेल की हो!"

"लिव म्हनतो ना."

मी हो म्हणून मान डोलावली, पण लिहिलं नाही. वर कहर म्हणजे, वाचून दाखवताना ती ओळ तोंडानं म्हटली. म्हातारा खूश झाला. अक्कल चरायला गेली होती माझी, दुसरं काय! मला वाटत होतं, मी पोरीचं भलं करतोय.

पाहुणे बैलगाड्यांनी आले. आगगाडी अजून अकोल्याला यायची होती. बैठकीत मी वाचत होतो, शेजारी चाचांची बोटं दोरीवरून सरकत होती. लाल दोऱ्यापाशी बोटं थांबली.

"थांब, बापू. एक सुटली."

मी कागदावर बोट ठेवलं. "इथं काही नाही, चाचा."

चाचांनी माझ्याकडे एकदा पाहिलं. मग ती ओळ त्यांनी स्वतः, खणखणीत आवाजात, सगळ्यांना सांगितली. मुलाच्या आजोबांनी माझ्या हातातून कागद घेऊन वाचला. म्हणाले, "कुणबीण असली तर असली. इतक्या पिढ्या इथं राहिलो, आमच्या बायका काय तुर्कांच्या मुलखातून आल्या? पण तोंड सांगतं आणि कागद लपवतो. मग अजून काय लपलंय?"

चाचांनी माझ्याकडे नुसतं बोट दाखवलं असतं तरी पुरे होतं. ते म्हणाले, "कागद माह्या घरचा हाय. चूक माही."

आणि मी? मी मुकाट बसून राहिलो. पाहुणे सरबताला हात न लावता उठले. पडद्याआडून त्या पोरीचा हुंदका ऐकू आला तेव्हा कुठं मी अनवाणी पळत सुटलो. मोर्णा नदीच्या उतारावर गाड्या गाठल्या आणि धापा टाकत सगळं सांगितलं. ओळ मीच गाळली, म्हाताऱ्याला वाचता येत नाही म्हणून त्याला फसवलं, सगळं सगळं. आजोबांनी ऐकून घेतलं आणि गाडी वळवायला सांगितली.

शब्द दिला गेला. लग्न झालं. मला आमंत्रण आलं, आणि पानसुपारी चाचांनी आपल्या हातानं दिली. एका शब्दानंही बोलले नाहीत मला. शिव्या दिल्या असत्या तर बरं वाटलं असतं हो!

नातीची पत्रं बऱ्हाणपुराहून येऊ लागली. पत्र आलं की चाचा ते मुठीत घेऊन, काठी टेकत, माझ्या ओसरीवरून पुढं जायचे. "कसं काय, बापू?" विचारायचे, न चुकता. आणि ते पत्र वाचून घ्यायला उन्हातान्हात पार गावाच्या टोकाच्या मशिदीपर्यंत चालत जायचे.