रोज रिकामी येणारी बाटली

सातवीत असताना माझ्या चालण्याची तपासणी झाली. आईने तिला परीक्षाच मानलं, त्यामुळे तयारीही तशीच. राजाजीनगरच्या आमच्या घरात पुढच्या दारापासून मोरीपर्यंत एक अरुंद बोळ होता, तिथे रोज संध्याकाळी सराव चाले. टाच टेकव, मान वर, भिंतीला हात लावायचा नाही. मला सेरेब्रल पाल्सी आहे. जन्मताना मेंदूला इजा झाली आणि तेव्हापासून पायांचे स्नायू ताठ आणि हट्टी. अशा पायांना सरळ पडायला सांगणं म्हणजे मांजराला उपास करायला सांगण्यासारखं होतं.

एरवी घरात मी वॉकर धरून चालायचो. तो अण्णांनी, म्हणजे वडिलांनी, यशवंतपूरच्या त्यांच्या वर्कशॉपमध्ये पाइप जोडून केला होता. जड होता, फरशीवर खरखरायचा, पण माझा त्याच्यावर जीव होता. शाळेत न्यायला मात्र आईची सक्त मनाई. ‘एकदा बघितलं ना लोकांनी, की कायम त्याच नजरेने बघणार,’ असं तिचं म्हणणं. अण्णा सायकलवरून आणून मला बाकावर बसवायचे आणि शाळा सुटली की उचलून न्यायचे.

पुढच्या वर्षी हायस्कूल होतं. तिथल्या मुख्याध्यापकांनी उपचार केंद्राचा कागद मागितला होता: मुलगा किती हिंडूफिरू शकतो ते लिहून आणा, मग बघू. आईला त्या कागदावर चांगला आकडा हवा होता. मला शाळेत वॉकर हवा होता. मला काय हवंय ते कोणी विचारत नव्हतं आणि याचा मला भयंकर राग यायचा. आठवलं की अजूनही येतो.

केंद्रात त्या सुमारास परदेशातून एक नवी पट्टी आली होती. पट्टी म्हणजे मुलांच्या हालचालींच्या पाच पातळ्या. पहिलीतली मुलं पळतात, पाचवीतल्यांना मान सावरणंही कठीण जातं. ही पट्टी भरवशाची आहे का ते बघायला दोन फिजिओथेरपिस्ट बाई प्रत्येक मुलाला वेगवेगळ्या खोलीत तपासत आणि एकमेकींना आकडा सांगत नसत. आकडे जुळले की पट्टी भरवशाची. हे सगळं मला पुष्कळ नंतर समजलं. तपासणीच्या दिवशी मला आणि आईला यातलं काहीही ठाऊक नव्हतं.

सकाळी आईने हातावर दहीसाखर ठेवली, मला इस्त्रीचा शर्ट घातला आणि वॉकर पायाने पलंगाखाली ढकलला. अण्णांनी आम्हाला रिक्षाने केंद्राच्या दारात सोडलं आणि ते कामावर गेले.

पहिल्या बाई घाईत होत्या. त्यांनी गुळगुळीत व्हरांड्यात चालून दाखवायला सांगितलं. मी चाललो, आणि इतका सरळ मी त्याआधी कधी चाललो नव्हतो, नंतरही नाही. कठडा धरून पायऱ्यासुद्धा चढलो. ‘व्हेरी गुड,’ असं म्हणून त्यांनी काहीतरी लिहिलं. आईचा चेहरा फुलला. मग त्यांनी शेजारच्या खोलीत जायला सांगितलं, तसा तो उतरला.

‘परत कशाला? काय चुकलं रे?’

‘मला काय माहीत.’

‘शेवटी पाय ओढलास. स्वल्प लक्ष दिलं असतंस तर.’

दुसऱ्या बाई वयाने मोठ्या होत्या आणि कन्नडमध्ये बोलत होत्या. त्यांनी मला चालायलाच लावलं नाही. समोर बसवलं, माझे हात उलटे केले आणि तळव्यांवरच्या घट्ट्यांवरून अंगठा फिरवला.

‘हे कशाने झाले?’

‘वॉकरने.’

‘कुठे आहे तो?’

‘पलंगाखाली.’

आई खिडकीबाहेर बघायला लागली.

‘तुला काय काय येतं ते राहू दे,’ बाई म्हणाल्या. ‘रोज काय करतोस ते सांग. मधल्या सुट्टीत कुठे जातोस?’

‘कुठेच नाही. बाकावरच असतो.’

‘मग लघवीला?’

‘लागतच नाही. मी शाळेत पाणी पीत नाही.’

आई गर्रकन वळली. ‘खोटं बोलतोय,’ ती मराठीतच म्हणाली. ‘बाटली रोज रिकामी येते याची.’

खरंच यायची. त्या बाबतीत माझ्याइतका नेमाने वागणारा मुलगा वर्गात नव्हता.

‘सुटताना मी ती बाकाशेजारच्या खिडकीतून कर्दळीला ओततो,’ मी म्हणालो.

 

पहिल्या बाईंनी मला दुसऱ्या पातळीवर ठेवलं होतं, दुसऱ्या बाईंनी तिसऱ्या, म्हणजे वॉकर धरून चालणाऱ्यांच्या. आकडे जुळले नाहीत आणि केंद्रात त्यावर बराच खल झाला म्हणे. मला वाटतं, दुसऱ्या बाईंनीही नुसता व्हरांडा बघितला असता तर आकडे छान जुळले असते आणि दोन्ही चुकले असते. आमची बाटलीसुद्धा चौथीच्या वर्गापासून आईला रोज तेच उत्तर देत होती, आणि रोज चुकीचं.

शेवटी कागदावर तिसरी पातळी आली. अण्णा कन्नडमध्ये नुसतं ‘सरी’, म्हणजे ठीक, म्हणाले आणि आवाज होऊ नये म्हणून वॉकरच्या पायांना रबर बसवून आणलं. हायस्कूलच्या मुख्याध्यापकांनी तो कागद न उघडताच फाईलमध्ये ठेवला, गणितात किती मार्क आहेत ते विचारलं आणि मला तळमजल्यावरचा वर्ग दिला. ज्या आकड्यासाठी आम्ही बोळात घाम गाळला तो त्यांनी पाहिलाही नाही. आईला याचं फार वाईट वाटलं. मला हसू आलं.

आमच्या घरात कोणी कोणाची माफी मागत नसे, तशी तिनेही मागितली नाही. बोळातला सराव मात्र बंद झाला. हायस्कूलच्या पहिल्या दिवशी मी वॉकर घेऊन गेलो. संध्याकाळी घरी आल्यावर तिने दप्तरातून बाटली काढली आणि मोरीत उलटी करून पाहिली. एक थेंब पडला नाही.

‘प्यालास की ओतलंस?’

‘प्यालो.’

 दुसऱ्या दिवशी दप्तरात मोठी बाटली होती.