मेक्सिकोचं मटन, अंगणातली चूल

आमच्या घरी मटन अंगणातल्या चुलीवर होतं, अन् ते पुरुषच करायचे. पुरुष म्हणजे माझे भासरे, नवऱ्याचे थोरले भाऊ; मी त्यांना भाऊजी म्हणते. बायकांनी आत भाकरी थापायच्या आणि मटन कसं झालं ते शेवटी उरलेल्या रश्श्यावरून ओळखायचं. बावीस वर्षं मी ओळखत आले. भाऊजींचं मटन चांगलंच व्हायचं, खोटं कशाला बोलू? पण हाताला चव असलेला माणूस अख्ख्या गावात आपण एकटेच, असं त्यांना वाटायचं. ते मला खपत नव्हतं.

गेल्या फाल्गुनात पुण्याला शिकणारी लेक घरी आली. तिनं मोबाइलवर मेक्सिकोतली माणसं दाखवली. संत्र्याचा अन् लिंबाचा रस, लसूण, जिरं, मिरची, सांबार, म्हणजे आपली कोथिंबीर, यांत मांसाचे मोठे पसरट तुकडे मुरवून ती माणसं निखाऱ्यावर भाजत होती. तिकडे गाईबैलाचं घेतात, आपण बोकडाची मांडी घेऊ, म्हटलं. बाकी यातली कोणती वस्तू आमच्या घरात नव्हती? संत्री तर बाजारात ढिगानं पडली होती.

"या रविवारचं मटन मी करते," जेवताना मी सांगून टाकलं.

भाऊजी हसले. "कर ना. पण फसलं तं मटनाच्या चुलीपाशी पुन्हा यायचं नाही."

"अन् जमलं तर?"

"तं चूल तुही."

सारं घर ऐकत होतं. आता माघार घ्यायची सोयच नव्हती.

रविवारी सकाळी खाटकाला म्हटलं, मांडीचं हाड काढ आणि तळहाताएवढे पसरट तुकडे कर. तो सुरी धरून बघतच राहिला. "बाई, मटनाचे पापड वाळू घालून राह्यल्या काय?"

"तू काप. पुढचं मी पाहीन."

चार तास मटन मुरलं. तीन दगडांवर लोखंडी जाळी ठेवली. अन् तिथंच मी माती खाल्ली. हाताशी पऱ्हाटी होती, कपाशीच्या वाळक्या काड्या. आमची रोजची चूल त्यावरच पेटते, म्हणून मी दुसरा विचारच केला नाही. पऱ्हाटी भसकन पेटली, जाळ जाळीच्या वर गेला. पहिला तुकडा बाहेरून कोळसा, आतून कच्चा लाल. खाली निखारा शोधावा तर नुसती राख.

भाऊजी खाटेवरून उठून आले. तुकडा बोटानं दाबून पाहिला. "कुत्र्याले टाक," म्हणाले. "सरक, मी रस्सा टाकतो."

नवरासुद्धा म्हणाला, "जाऊ दे ना, कायले हट्ट करून राह्यली?" माझ्या डोळ्यांत पाणी आलं, अन् ते धुरानं नव्हतं.

"कोणी हात लावायचा नाही!" मी इतक्या जोरात ओरडले की शेजारीण कुंपणाशी आली. राख ओढून काढली. गोठ्यामागचं बाभळीचं वाळलेलं लाकूड आणून रचलं, पेटवलं अन् पदर खोचून बसले. तासभर. सगळ्यांच्या पोटात कावळे ओरडत होते, सगळे माझ्याकडे रागानं बघत होते. बघा म्हटलं. जाळ पूर्ण निवला, लालबुंद निखारे उरले, तेव्हाच तुकडे जाळीवर टाकले.

चर्र झालं. कडा करपायला लागल्या, लसणाचा वास सुटला आणि अंगणातली कुरकुर बंद झाली. तुकडे उलटले, काढले, थोडे झाकून ठेवले, मग लेकीनं बजावल्याप्रमाणे मांसाच्या रेषांना आडव्या पातळ पट्ट्या कापल्या. सोबत ज्वारीची गरम भाकरी अन् कच्चा कांदा. पहिला घास कोणाचा? माझा! तिखट, आंबट, रसाळ. मटनाचा पहिला, गरम घास बावीस वर्षांत मी प्रथमच खाल्ला. अस्सा आनंद झाला म्हणून सांगू! मी जिंकले होते, कोणी सांगायची गरज नव्हती.

भाऊजींनी एक घास खाल्ला. दुसरी भाकरी मागितली, मग तिसरी. ती संपल्यावर नवऱ्याला हळूच विचारलं, "मांडीचंच घ्या लागते काय याले?"

"मले विचारा," मी म्हटलं. "चूल माही आहे."

आता रविवारी चुलीशी मी बसते. भाऊजी लसूण सोलून देतात. सालं नीट काढत नाहीत, मागच्या खेपेला मी दोनदा परत केला.