अल्ताफच्या पायी कोणाचं बूड टेकेना

सायकलच्या दुकानात फाटक्या ट्यूबा साचतात तसे किस्से साचतात बघा. फेकवत नाहीत, कामाला येत नाहीत, नुसते खिळ्याला लोंबकळत राहतात. अन एक ओढायला गेलं की दहा अंगावर येतात!

डोणगावात बाजाराच्या मैदानाला लागून माझं दुकान आहे. फुटबॉलमध्ये हवा भरायचा पंप गावात माझ्याकडेच, म्हणून टीमचा अध्यक्षही मीच. शिक्षण म्हणाल तर सातवी. ती सातवी मला इतकी आवडली की मी परत एकदा तिथंच बसलो.

दुकानासमोरच्या बाकावर आमची बैठक. एक वानखडे सर, शाळेत पीटी शिकवून रिटायर झालेले. शिट्टी अजून गळ्यात असते, लग्नाच्या पंगतीतसुद्धा. दुसरे रहीमभाई, वेल्डिंगवाले. अंगानं फाटकासारखे रुंद, अन तोंड बंद फाटकासारखं. त्यांचा पोरगा अल्ताफ. आमच्या बाजाराच्या धुळीतून उठून हा पोट्टा पुण्याच्या एका मोठ्या क्लबच्या अकॅडमीत गेला. तिथं म्हणे दर वर्षाच्या शेवटी आवडलेली पोरं ठेवतात, बाकीच्यांच्या हातात बॅग देतात. शेवटपर्यंत जो टिकला त्याच्याशी क्लब पक्का करार करतो. तेव्हापासून आमच्या बाकावर कोणाचं बूड टेकेल तर शपथ!

* * *

आमच्या मैदानावर आठवडी बाजार भरतो. पालवाले खुंट ठोकतात, उपटून नेतात, खड्डे आम्हाला ठेवतात. मधोमध कांदेवाल्याचा खड्डा. तो पिढीजात आहे. गावातलं पोरगं बॉल घेऊन धावत आलं की त्या जागी आपोआप टुणकन उडी मारतं. खाली बघावं लागत नाही.

वानखडे सर अल्ताफला निवडीसाठी पुण्याला घेऊन गेले. तिथलं मैदान म्हणजे हिरवा गालिचा. अल्ताफ बॉल घेऊन निघाला, मधोमध आला, अन टुणकन! समोरच्या पोराला वाटलं हा काहीतरी डाव टाकतोय. तो एकीकडं आडवा पडला, अल्ताफ दुसरीकडून निघाला. गोल!

कोच गोव्याकडचा, हिंदीत बोलणारा. पळत आला. "ये स्किल किसने सिखाया?"

अल्ताफ म्हणाला, "सर, वहाँ कांदेवाले का खड्डा रहता ना."

आता ऐकतो की त्या अकॅडमीतली सगळी पोरं मैदानाच्या मधोमध उड्या मारतात. खड्डा इकडं, उड्या तिकडं!

* * *

निवड झाल्याचा फोन रहीमभाईंना आला. इथं एक सांगायला हवं. त्याआधी मी रहीमभाईंना आवाज बदलून बरेच फोन केले होते. कधी तहसीलदार होऊन बंगल्याच्या गेटची ऑर्डर दिली, कधी सर्कसचा मॅनेजर होऊन वाघाचा पिंजरा सांगितला. पिंजऱ्याचं तर माप घ्यायला ते मेहकरपर्यंत जाऊन आले!

त्यामुळे "मैं पुणे से बोल रहा हूँ, आपका लड़का सिलेक्ट हो गया" हे ऐकल्यावर रहीमभाई म्हणाले, "बुढ्या, लाज वाटते का? लेकराच्या नावानं तरी मस्करी नोको करू. दुकान बंद कर अन घरी जाऊन पड!"

कोचनं पुन्हा फोन केला. पुन्हा तेच, वर दोन शब्द जास्त. ते इथं लिहिता येत नाहीत. मग त्यानं वानखडे सरांना लावला. सर एका पायात चप्पल घालून धावत सुटले अन रहीमभाईंना वेल्डिंगवरून ओढत माझ्या दुकानावर घेऊन आले. रहीमभाई मटकन बाकावर बसले. मी शेजारीच पंप मारत होतो. ते माझ्याकडं बघतच राहिले.

"सुधाभाऊ, तुमी इथं हाय, त मंग म्या शिव्या कोणाले देल्या?"

पोराला सोडायला आम्ही पुण्याला गेलो तेव्हा कोचनं हसत विचारलं, "मुझे घर जाके सोने को किसने बोला था?"

रहीमभाईंनी अजिबात वेळ न घालवता माझ्याकडं बोट केलं. "इन्होंने."

* * *

जायच्या आधी मी अल्ताफला तिकडच्या गोष्टी सांगून ठेवल्या होत्या. उकडलेली अंडी मोजून देतात, झोपायचीही शिट्टी वाजते, अन पहिल्याच आठवड्यात बर्फाच्या पिंपात बसवतात. हे शेवटचं मी हवेतच सोडलं होतं. मला काय ठाऊक तिथं खरंच बसवतात!

प्रॅक्टिस झाली. पोरं घामाघूम. कोचनं पिंप दाखवलं, वर बर्फ तरंगतोय. "चलो, अंदर."

अल्ताफ हसायला लागला. "बस करो सर. मालूम है. काका का फोन आया ना?"

"कौन काका?"

"सुधाकाका. सायकलवाले."

कोच सांगतोय, हा हसतोय. बाकीची पोरं एकेक करून पिंपात बसली, तरी याला वाटे की काकानं सगळ्यांनाच फितवलं. शेवटी मला फोन. "काका, झाली ना मजा? आता यांले सांगा, बाहेर निघा म्हणावं. पोट्ट्याईचे ओठ निळे पडून राह्यले!"

मी म्हणालो, "अबे, म्या काई नाई केलं. खरं हाय ते. बस तू."

"हाव, हाव. वाघाचा पिंजरा बी खराच होता!"

तिकडून एकदम धपकन आवाज आला, मग अल्ताफची किंकाळी. कोचनं उचलून टाकलं होतं.

* * *

पहिल्या वर्षाच्या शेवटी यादी लागायचा दिवस. अल्ताफच्या शेजारच्या पलंगावरच्या सोलापूरच्या पोराला क्लबनं आधीच नाही सांगितलं, ते आदल्याच दिवशी बॅग घेऊन गेलेलं. अल्ताफ फोनवर फक्त एवढंच म्हणाला, "अब्बा, त्याची गादी गुंडाळून ठेवली." बस, इतकंच. त्यानंतर डोणगावात आमच्या तिघांचं काही खरं नव्हतं.

सर शिट्टी तोंडात धरून मैदानाला चकरा मारत होते. वाजवत नव्हते, नुसती चावत होते. मी एका गिऱ्हाइकाच्या ब्रेकच्या जागी घंटी बसवली. ते गिऱ्हाईक बाजाराच्या उतारावर नुसतं घंटी वाजवत गेलं!

रहीमभाई मात्र शांत. सकाळपासून वेल्डिंग चालू. एका मालदार शेतकऱ्याच्या फार्महाऊसचं गेट होतं. संध्याकाळी मालक बघायला आला. गेट देखणं. चौकट पक्की, रंगही मारलेला. मालकानं ढकललं, ओढलं. हलेना. पाहतो तर बिजागरी डाव्या बाजूला, अन उजव्या बाजूलाही बिजागरी!

"रहीमभाई, हे उघडन कसं?"

रहीमभाईंची नजर मोबाईलवर. "थांबा जरासे. पुण्याहून फोन येऊ द्या, मंग उघडू."

फोन आला. ठेवला होता पोराला. गेट कापून काढायला दुसरा दिवस गेला, पण रहीमभाई कापताना गुणगुणत होते. मालक म्हणाला, असं गाणारं वेल्डिंग त्यानं पहिल्यांदाच पाहिलं.

* * *

आमच्या गावचा नियम: मारील तो आणील. बॉल बाभळीत जावो, नाल्यात जावो, की ठाणेदाराच्या अंगणात. ज्यानं लाथ मारली त्यानंच आणायचा. त्यात लहान-मोठा बघत नाहीत. एकदा सरपंचालाही नाल्यात उतरवलं आहे.

पुण्यात अल्ताफची मोठी मॅच होती, दुसऱ्या एका अकॅडमीशी. आम्ही दुकानात मोबाईलवर बघत होतो. अल्ताफनं लांबून ठेवून दिला, बॉल गोलावरून, जाळीवरून, शेजारच्या सोसायटीत. अन पाहतो तर काय, आमचा गडी भिंतीवरून पलीकडं!

रेफरीनं दुसरा बॉल घेतला, खेळ सुरू. तिकडं बॉल ढिगानं असतात हे अल्ताफला माहीत होतं, पण त्याच्या पायाला माहीत नव्हतं.

वानखडे सर किंचाळले, "अरे, आपला माणूस कमी हाय! कुठं गेला तो?"

सोसायटीच्या वॉचमननं धरला होता. "किसके घर आया है? फ्लॅट नंबर बता!" अंगात जर्सी, पायात बूट, काखेत बॉल, अन हा म्हणतो, "किसी के घर नहीं चाचा, मॅच चालू है." वॉचमन म्हणाला, "सब ऐसाच बोलते."

तेवढ्यात आपल्यावर एक गोल झाला. अल्ताफ भिंतीवरून परत आला तेव्हा कोच तोंडानं वाफ सोडत होता. "कहाँ मर गया था?"

अल्ताफनं बॉल पुढं केला. "सर, मिल गया."

त्या दिवशी त्याला बाकावर बसवला, अन पुढच्या दोन मॅचलाही. आम्ही इकडं हादरलो. एका भिंतीपायी पोराची बॅग भरली जाते की काय! सरांनी त्याला फोनवर तासभर समजावलं. शेवटी अल्ताफ म्हणाला, "सर, समजलं. पण तुमीच त शिकवलं ना बे... ना जी!" सरांनी शिट्टी चावली अन फोन माझ्याकडं दिला.

* * *

आता बीबीचं सांगतो. बीबी म्हणजे आमच्याकडचंच एक गाव. उन्हाळ्यात आमची बीबीशी मॅच असते. कप नाही, बक्षीस नाही. हरलेल्यानं जिंकलेल्याला आपल्या गावात आणून जेवू घालायचं. वांग्याची भाजी, भाकरी, अन वरून टोमणे. कित्येक वर्षं आम्ही बीबीवाल्यांना वाढलं. त्यांच्या कॅप्टनला तर माझ्या घरचं मीठ कमी वाटे!

अल्ताफ मोठा झाला अन पारडं फिरलं. अकॅडमीला उन्हाळी सुट्टी लागली की पोरगा गावात. बूट न घालता खेळायचा, तरी बीबीवाले नुसते त्याच्या पाठीमागची धूळ खायचे. दर उन्हाळ्यात आम्ही बीबीत पंगतीला!

एका पंगतीत त्यांचा कॅप्टन वाढता वाढता मला म्हणाला, "काका, याचं पुण्यात पक्कं कधी होते हो?"

"काऊन बे? तुले काय पडलं?"

"मोठा पिलेअर झाला म्हणजे आमच्यात कायले येईन? आमी त मारुतीले नारळ बोललो. अन आमच्या सलीमनं दर्ग्यावर चादर."

डोणगाव देवाला विसरलं, अन पोराच्या कराराचा नवस बीबीनं केला! अल्ताफ पंगतीतून ओरडला, "कितीबी नारळ फोडा! पक्कं झालं तरी येईन मी. दर साली येईन!"

सगळ्या डोणगावानं टाळ्या वाजवल्या. रहीमभाईंनी भाकरी मोडली अन खाली बघून हसले.

* * *

यंदा करार करायचा की बॅग द्यायची, हे सांगायला क्लबनं पालकांना बोलावलं. आम्ही तिघंही गेलो. ट्रॅव्हल्समध्ये सर दर स्टॉपला उतरत होते, कुठंच काम नसताना. रहीमभाईंनी इस्त्रीचा शर्ट घातला होता अन घामानं त्याची इस्त्री जालन्यातच गेली होती.

क्लबच्या ऑफिसात गार हवा. टेबलाच्या पलीकडं कोच, अन एक मॅडम. अल्ताफ आमच्या बाजूला, दोन्ही गुडघे टेबलाखाली नाचवतोय. टेबलावरचं पाणी थरथरत होतं. मला गंमत सुचेना. मला! मी खिशातला व्हॉल्व्ह काढून नुसता फिरवत बसलो.

मॅडम हसल्या. "अभिनंदन. अल्ताफला आम्ही सीनियर टीममध्ये घेतोय."

सरांनी शिट्टी वाजवली! बंद खोलीत! बाहेरून शिपाई धावत आला. रहीमभाईंनी डोळ्यांवर रुमाल धरला, अन धरूनच बसले.

मॅडमनी कागद पुढं केले, एकेक कलम मराठीत समजावलं. अल्ताफनं पेन उचललं. शेवटचं कलम आलं. "करार असेपर्यंत क्लबच्या बाहेर कुठंही मॅच खेळायची नाही. दुखापत झाली तर क्लबचं नुकसान होतं."

अल्ताफचे गुडघे थांबले. "कुठंच नाही?"

"कुठंच नाही."

"उन्हाळ्यात? गावात?"

"गावातही नाही."

"मॅडम, एकच मॅच असते. बीबीसोबत."

मॅडमनी कोचकडं बघितलं. कोचनं मान हलवली. "नहीं बेटा. रूल सबके लिए है."

अल्ताफनं पेन खाली ठेवलं.

आता काय सांगू! पेन कागदावर आडवं पडलं. सर कुजबुजले, "सही कर रे बाप्पा, सही कर." अल्ताफ हलेना. "सर, मी पंगतीत बोललो होतो. सगळ्यांसमोर." मॅडमनी घड्याळ बघितलं. कोचची खुर्ची करकरली. मी म्हणायला गेलो की बीबीवाल्यांना मी फोन करतो, कलेक्टर होऊन. पण तोंडातून हवाच निघाली.

तेवढ्यात रहीमभाईंनी डोळ्यावरचा रुमाल काढला. उभे राहिले. टेबलावरचं पेन उचलून पोराच्या हातात कोंबलं.

"लिही बे नाव. बीबीसंगं मी खेळतो."

अल्ताफनं बापाकडं वरपासून खालपर्यंत बघितलं. आधी त्याचे खांदे हलले, मग तो फसकन हसला, अन हसता हसताच त्यानं सही केली.

कोचला मराठी तुटक समजत होतं. त्यानं रहीमभाईंच्या पोटाकडं बघत विचारलं, "आप खेलेंगे? किस पोजिशन पे?"

रहीमभाईंनी शर्ट खाली ओढून नीट केला.

"इसकीच."