राणीचा दरबार आणि आमची ग्रामसभा

मी सरपंच झाले, पण ग्रामपंचायतीत माझ्या खुर्चीवर आमचे मालकच बसायचे. मी घरी आलेल्या कागदांवर सह्या करायचे. गावात कुणाला त्यात वावगं वाटत नव्हतं आणि खरं सांगायचं तर मलाही नाही.

एका दुपारी मुलीचा इतिहासाचा अभ्यास घेत होते. धडा माळव्याच्या राणीचा होता. ती रोज दरबार भरवायची आणि लोकांची गाऱ्हाणी स्वतः ऐकायची. मुलीनं विचारलं, "आई, मंग तुझ्याकडं कुणीच कसं येत न्हाई?"

पुढच्या ग्रामसभेला मी मालकांच्या आधी जाऊन खुर्चीवर बसले. मशिदीमागच्या गल्लीतल्या एक चाची उठल्या. "आठ दिवस झाले, नळाला पाणी न्हाई." ग्रामसेवकांनी सवयीनं मालकांकडे पाहिलं. मी म्हणाले, "त्यांना नका विचारू, सरपंच मी हाय. चला चाची, दाखवा."

अर्धी सभा मागं आली. गल्लीच्या तोंडाशी व्हॉल्व्ह गंजून बसला होता. टेंभुर्णीहून मिस्त्री बोलावला आणि पाणी येईपर्यंत मी तिथून हलले नाही.

"बेटी, उद्या बी खुर्चीवर बसशील ना?" चाचींनी विचारलं.

"बिलकुल. रोज बसणार."

घरी गेल्यावर मी मालकांकडं पंचायतीच्या ऑफिसची किल्ली मागितली. त्यांनी ती खिशातून काढून दिली.